एकाहत्तर, बहात्तर

आरएसी अक्कांच्या घरात 'भरलं' हा शब्द चालत नसे. फ्रिज भरला, पिशवी भरली, बस भरली, असं कुणी म्हणालं की त्या चष्म्यावरून बघत आणि विचारत, "चार्ट लागला का?" चार्ट लागेपर्यंत जगात काहीही भरलेलं नसतं, आणि चार्ट लागल्यावरही 'कोंजम अडजस्ट' करता येतं, ही त्यांची श्रद्धा होती. कोंजम म्हणजे थोडंसं. एकदा इडलीच्या पिठाचं पातेलं काठोकाठ फुगून झाकण उचलू लागलं. मी ओरडले. अक्कांनी शांतपणे दोन डाव पीठ काढून वाटीत घातलं आणि पातेल्याला म्हणाल्या, "दोघं उतरलीं. आतां नीट बैस."

रेल्वेच्या आरक्षण खिडकीमागे त्यांची सगळी नोकरी गेली होती. वेटिंग लिस्टवरचा माणूस खिडकीशी रडकुंडीला आला की त्या त्याला निदान अर्धी सीट, म्हणजे आरएसी, मिळेल अशी गाडी शोधून देत. म्हणून हे नाव. निवृत्तीनंतर अंबत्तूरच्या गल्लीतल्या इस्त्रीवाल्यापर्यंत सगळे त्यांना याच नावानं ओळखत. घराणं तंजावरचं, मराठी. आजोबांच्या वेळी चेन्नईला आलेलं. त्यांचं मराठी माझ्या पणजीच्याही आधीचं होतं आणि त्यावर हेल तमिळ. पहिल्या दिवशी मला वाटलं, एखादी बखर वेणीत अबोली माळून समोर उभी आहे.

तो पहिला दिवस असा. गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या एका कंपनीत मला नोकरी लागली होती. इचलकरंजीहून एक बॅग आणि पत्रकांचे दोन गठ्ठे घेऊन मी आले, तर ज्या वसतिगृहात माझी कॉट ठरली होती तिथं त्या कॉटवर आधीच दुसरी मुलगी झोपलेली. रस्त्यावर उभी राहून मी आईला फोन लावला आणि 'काही काळजी करू नकोस' हे वाक्य रडत रडत सांगू लागले. माझ्या पाठीमागच्या फाटकातून आवाज आला, "मराठी बोलतेस? मग रस्त्यांत काय करतेस? आंत ये."

नाव विचारलं. मी सांगितलं, क्रांती. माझे बाबा यंत्रमाग कामगारांच्या संघटनेत, घरात पत्रकांशिवाय दुसरा कागद नाही. मी अक्षरं शिकले ती 'कामगार बंधू-भगिनींनो' या ओळीवर. मुलीचं नाव दुसरं काय ठेवणार? अक्कांना त्या नावाचं काडीचंही दडपण आलं नाही. "क्रांती, पाय धू. क्रांती, सार घे अजून." गच्चीलगतच्या लहान खोलीची किल्ली माझ्या हातात ठेवून म्हणाल्या, "तीन दिवस राह. मग पाहूं." तीन दिवस होऊन गेले. चौथ्या दिवशी त्यांनी विचारलं ते एवढंच, की डांगर पचडी तिखट झाली का.

आता अक्कांच्या खेळांच्या डब्याबद्दल. अक्कांचा मुलगा परदेशी जाताना आपलं हातात धरून खेळायचं गेमचं यंत्र घरी विसरून गेला. दुसऱ्या कुणी ते कपाटात ठेवलं असतं. अक्कांनी ते उघडलं, आत किती जागा आहे ते पाहिलं, आणि तीस वर्षं खिडकी सांभाळलेला हात सळसळला. आत जागा बत्तीस जीबी. त्यातली सात-आठ यंत्र स्वतःच्याच कारभाराला ठेवून घेई. अक्का त्याला 'गार्डाचा डबा' म्हणत. उरलेल्या जागेचे त्यांनी स्लीपर डब्यासारखे बहात्तर बर्थ पाडले आणि जुन्या कॅलेंडरच्या पाठीवर चार्ट आखून फ्रिजला चिकटवला. कोडी सोडवायचा बारका गेम एका बर्थवर. मोटारींच्या शर्यतीचा गेम अकरा बर्थ अडवून. "लग्नाचं वऱ्हाड आहे तें," अक्का म्हणत. पत्त्यांचा जुना खेळ लोअर बर्थवर, कारण वयस्करांना लोअर द्यायचा असतो. यंत्राला लोअर-अप्पर काही कळत नाही, असं मी सांगून पाहिलं. "यंत्रास कळत नसेल, मज कळतं," अक्का म्हणाल्या.

तिकिटाशिवाय कुणाला प्रवेश नव्हता. गल्लीच्या तोंडाशी मोबाइल दुरुस्त करणारा एक इसम एकदा पेनड्राइव्ह घेऊन आला. दोनशे गेम आहेत, फुकट भरून देतो म्हणाला. अक्कांनी त्याला कॉफी दिली आणि हात पुढे केला. "तिकीट दाखव." तो हसला. अक्का हसल्या नाहीत. "कोणीतरी बसून बनवलेत ना हे? त्यांस न विचारतां आणलेस. विदाउट माझ्या गाडींत नको." बिचाऱ्यानं कॉफी संपवली आणि पेनड्राइव्ह खिशात घालून गेला. पुढं सहा महिने तो त्यांना रस्त्यात दिसला की खिसा चाचपायचा.

खेळ चढवण्याइतकाच खेळ उतरवण्याचाही त्यांच्याकडे रिवाज होता. नवा गेम आत यायचा तर जुना कुणी तरी जाणार. ज्याचं जाणं ठरे, तो अक्का आधी एकदा शेवटपर्यंत खेळत. मग पडद्याकडे बघून म्हणत, "सॉरी हं. पुढच्या गाडीस पाहूं," आणि काढून टाकत. नाव चार्टवरून खोडून वेटिंग लिस्टच्या तळाशी लिहीत. मी म्हटलं, अक्का, गेमला काय वाईट वाटणार आहे. त्या म्हणाल्या, "त्यास नसेल वाटत. काढणाऱ्याच्या हाताला संवय नको लागायला."

यंत्राची जादा मेमरी कार्ड बसवायची खाच मोडलेली होती. रिची स्ट्रीटवर नेऊन ती दुरुस्त करून आणते, मोठं कार्ड घालू, म्हणजे हा सगळा खटाटोपच संपेल, असं मी सुचवलं. अक्का काकडी चिरत होत्या. विळीवरून मान वर न करता म्हणाल्या, "डबा जोडला म्हणून गर्दी कमी झाली, असें कधी पाहिलेंस?" मी कधी निरुत्तर होत नाही, म्हणून ती काकडी आठवते.

आमचं भांडण झालं ते एकाहत्तर आणि बहात्तर या दोन बर्थांवरून. डब्याच्या टोकाचे, संडासाशेजारचे हे दोन बर्थ अक्कांनी कायम रिकामे ठेवले होते. चार्टवर तिथं लाल अक्षरांत 'इक्यू'. म्हणजे इमर्जन्सी कोटा. आणि त्याच वेळी वेटिंग लिस्टवर चौथ्या क्रमांकावर ताटकळत होता 'गेटसभा'.

'गेटसभा' हा माझ्या कॉलेजातल्या मित्रांनी बनवलेला गेम. सूतगिरणीच्या दारावर पत्रकं वाटायची, मुकादम आला की लपायचं, पाळी सुटायच्या आत पाचशे कामगार जमवायचे. घोषणा खऱ्या आवाजांत ध्वनिमुद्रित केलेल्या, त्यातली एक माझी. मित्र तो सगळ्यांना फुकट देत होते. अक्कांनी "तिकीट?" विचारल्यावर मी त्यांचं तसं पत्रच दाखवलं होतं. "म्हणजे पास आहे. सरी, ठीक," म्हणून त्यांनी नाव लिहून घेतलं. पण चौथं. आणि पहिल्या क्रमांकावर कोण, तर मांजरांसाठी केक भाजण्याचा गेम. गिरणी कामगार प्लॅटफॉर्मवर उभे आणि मांजरांचा केक कन्फर्म होण्याच्या वाटेवर. वर दोन बर्थ रिकामे.

कोटा म्हटलं की माझं डोकं तापतं. जिथं कोटा राखून ठेवलेला असतो तिथं साहेबाचा मेहुणा झोपलेला असतो, हे मी बाबांच्या मांडीवर ऐकलेलं. मी गच्चीलगतच्या खोलीत, पलंगावर पालथी पडून, एका बैठकीत पत्रक लिहिलं. 'रिकाम्या जागेची साठेबाजी बंद करा. इमर्जन्सी कोटा हा विशेषाधिकार आहे. जागा खेळणाऱ्यांची, नाही कुणाच्या मर्जीची.' ते चुंबकानं फ्रिजवर चार्टच्या शेजारी लावलं. संध्याकाळी कामावरून आले तर खाली लाल शाईत शेरा. 'अर्ज पावला. विचाराधीन.' आणि सही.

"अक्का, हा अर्ज नाही, जाहीरनामा आहे."

"जाहीरनाम्यास शेरा कोणता मारतात?"

"मारत नाहीत."

"मग अर्जच बरा," त्या म्हणाल्या. मग जरा थांबून म्हणाल्या, "कण्णा, चढतांना माणूस एकटा असतो. प्रवासांत त्याचें सामान वाढतें. तें कुठें ठेवील?"

मी ते ऐकलं आणि सोडून दिलं. मला ते वयस्कर माणसांचं सुभाषित वाटलं. पत्रकांवर वाढलेल्या माणसाचा हा एक दोष असतो. दुसऱ्याच्या वाक्यात घोषणा सापडली नाही की त्यात मुद्दाही नसणार, असं तो समजतो.

एका रविवारी अक्का देवळात गेल्या असताना मी कारवाई केली. यंत्र हातात घेतलं, 'गेटसभा' चढवला. दोन बर्थांत तो असा चपखल बसला की मला तो इतिहासाचा कौल वाटला. यादीत तो पार तळाशी सरकवला, आणि चार्टवर मी काही लिहिलं नाही. क्रांतिकारक कृतीची नोंद क्रांतिकारक स्वतः करत नाही, असं मनाला सांगितलं. खरं कारण हे की घाबरले होते. आणि तेवढ्यावर न थांबता पुढच्या रविवारी यंत्राचा चार्जरही वर नेला, कारण माझ्या फोनला तीच पिन लागायची आणि चार्जर ही सामूहिक मालमत्ता आहे असं माझं मत होतं.

इथं सेल्वी मॅडमना आणायला हवं. खिडकी क्रमांक तीनवर अक्का आणि चारवर सेल्वी, असं त्या दोघींचं आयुष्य गेलं होतं. सेल्वी मॅडम विल्लिवाक्कमला एकट्या राहत. आठ महिन्यांपूर्वी न्हाणीत पडून त्यांचं उजवं मनगट मोडलं. हाड जुळलं पण बोटं हलेनात. डॉक्टरांनी रबरी चेंडू दाबायला दिला. तो त्यांनी शेजारच्या कुत्र्याला दिला. बँकेत सही जुळेना म्हणून अंगठा घेतला गेला, आणि तीस वर्षं हजारो फॉर्मांवर सह्या केलेली ही बाई घरी येऊन दोन दिवस जेवली नाही. तेव्हा अक्कांनी त्यांच्या हातात हे यंत्र ठेवलं. सोमवार ते गुरुवार सेल्वीकडे, पुढं अक्कांकडे.

सेल्वी मॅडमनी निवडला तो एका बकरीचा गेम. बकरीला कड्याकड्यानं उड्या मारत डोंगराच्या टोकावर न्यायचं. साठ पायऱ्या. प्रत्येक उडीला उजव्या अंगठ्यानं आणि तर्जनीनं बटणं दाबावी लागत. खेळाची नोंद, म्हणजे सेव्ह, व्हायची फक्त तीन ठिकाणी. विसाव्या पायरीवरच्या मुक्कामाला, चाळिसाव्या, आणि एकदम शिखरावर. पहिल्या वीस पायऱ्यांना त्यांना तीन महिने लागले. त्यांनी अक्कांना सांगून ठेवलं होतं, "बाई, बकरी वर पोचली की मी बँकेत जाणार आणि नवी सही देणार. त्याआधी नाही."

माझ्या कारवाईनंतरच्या दुसऱ्या मंगळवारी, दुपारी, मी सुट्टी घेऊन घरी कपडे वाळत घालत होते. खाली फोन वाजला. अक्कांनी तो स्पीकरवर टाकला आणि गच्चीपर्यंत सेल्वी मॅडमचा आवाज आला. त्या तमिळमध्ये, एकेक शब्द चिमटीत धरून, मलाही कळेल असं बोलत होत्या.

"बाई, पोचली."

"कोण?"

"बकरी. शिखरावर उभी आहे. झेंडा लागलाय. पण नोंद होत नाही. जागा नाही म्हणतंय. बंद केलं तर जाईल म्हणतंय."

"बॅटरी किती?"

"अकरा. पिशवीत चार्जर नाही. माझ्या फोनची पिन जुनी. शेजारी कुलूप आहे. बाई, मी वर पोचले आहे आणि नोंद नाही. नोंद नाही म्हणजे मी गेलेच नाही."

"सेल्वी, गाडी उभी आहे ना? मग उभी राहूं दे. कांहीं दाबूं नको. चकचकाट कमी कर पडद्याचा. नको, तेंही नको. नुसती धरून बैस. मी येतें."

मी जिना उतरले तेव्हा माझ्या हातात चार्जर होता आणि चेहऱ्यावर, मला वाटतं, सगळा जाहीरनामा. अक्कांनी चार्जर पाहिला, मला पाहिलं, आणि चपला घातल्या. अंबत्तूर स्टेशनापर्यंत त्या माझ्या चार पावलं पुढंच होत्या. अडुसष्ट वर्षांची बाई इतकी भरभर चालू शकते हे मला माहीत नव्हतं. दुपारची लोकल रिकामीच होती. समोरासमोर बसलो. पट्टरवाक्कम गेलं आणि मी तोंड उघडलं.

"अक्का, इक्यूमध्ये मी 'गेटसभा' चढवला."

"कोणता बर्थ?"

"एकाहत्तर, बहात्तर."

"दोन्ही?"

"दोन्ही."

"चार्टांत लिहिलेंस?"

"नाही."

कोरट्टूर आलं. "म्हणजे विदाउट," त्या म्हणाल्या.

मला आजवर बऱ्याच जणांनी बरंच काही म्हटलं आहे. कारखान्याच्या सुरक्षारक्षकानं गेटबाहेर काढलं आहे. पण त्या एका शब्दानं माझे कान जसे तापले तसे कशानंच नाही. मग त्यांनी शिक्षिकेसारखं नाही, खिडकीवरच्या कारकुनासारखं समजावलं. गेम चढतो तेव्हा त्याचा आकार ठरलेला असतो. खेळणारा पुढं जाईल तशी त्याची नोंद वाढते. ती ठेवायला यंत्राला मोकळी जागा लागते. सगळ्या गेमांच्या सगळ्या नोंदी त्या दोन बर्थांवर दाटीवाटीनं बसत होत्या. मी तिथं पाचशे कामगार आणून झोपवले होते. उरलेली चिमूटभर जागा नऊ दिवसांत पत्ते आणि मोटारींनी खाल्ली. मेहुणा वगैरे कुणी नव्हता. कोट्यात सेल्वी मॅडमची बकरी येणार होती, आणि ती कधी येणार हे कुणालाच माहीत नव्हतं, म्हणून तर जागा ठेवायची.

"मला तेव्हाच असं स्पष्ट का नाही सांगितलंत?"

"सांगितलें ना. सामान म्हटलें."

विल्लिवाक्कमच्या त्या घरात सेल्वी मॅडम पलंगावर ताठ बसल्या होत्या. उकळत्या रसमचं काठोकाठ भरलेलं भांडं धरावं तसं यंत्र दोन्ही हातांत. पंखा बंद केला होता, वाऱ्यानं काही होऊ नये म्हणून. बॅटरी चार. त्यांनी मान न वळवता, फक्त डोळे फिरवून आमच्याकडे बघितलं. अक्कांनी चार्जर लावला. पडद्याच्या कोपऱ्यात हिरवी वीज चमकली आणि तिघींचाही श्वास एकदम सुटला.

"आतां," अक्का माझ्याकडे वळल्या, "बकरीस तशीच उभी ठेवून बाहेर यायचें, तूं चढवलेलें उतरवायचें, पुन्हा आंत जायचें. होतें ना तसें?"

होत होतं. मी यंत्र हातात घेतलं. यादीत 'गेटसभा'. त्यावर बोट ठेवलं. काढून टाकू का, असं यंत्रानं विचारलं. कॉलेजातले आम्ही पाच जण, त्या घोषणा, पत्र्याच्या खोलीत ब्लँकेटखाली बसून केलेलं ध्वनिमुद्रण.

"थांब," अक्का म्हणाल्या. "असें नाही उतरवायचें. शेवटपर्यंत खेळायला वेळ नाही. निदान सांग त्यास."

मी पडद्याकडे बघितलं. सेल्वी मॅडम माझ्याकडे बघत होत्या. बाहेर भाजीवाला कोथिंबिरीचा भाव ओरडत होता. मी, क्रांती, सूतगिरणीच्या पाचशे काल्पनिक कामगारांना उद्देशून मोठ्यानं म्हणाले, "सॉरी हं. पुढच्या गाडीला बघू." आणि बटण दाबलं.

मग परत आत. बकरी शिखरावर तशीच, शेपूट हलवत. सेल्वी मॅडमनी स्वतःच्या उजव्या अंगठ्यानं नोंदीचं बटण दाबलं. गोल चक्र फिरलं. फिरत राहिलं. थांबलं. 'नोंद झाली.'

सेल्वी मॅडमनी यंत्र अलगद उशीवर ठेवलं. मग म्हणाल्या, "पंखा लावा कुणी तरी. मरतेय मी."

आम्ही हसायला लागलो ते थांबेचना. अक्का पलंगाच्या कडेवर बसून पदरानं डोळे पुसत हसत होत्या आणि सेल्वी मॅडम त्यांच्या पाठीवर धपाटे घालत होत्या. उजव्या हातानं. ते तिघींच्याही लक्षात एकदमच आलं. अक्कांनी पिशवीतून घडी केलेला कागद काढला. तो चार्ट होता. फ्रिजवरून काढून आणला होता, एवढ्या घाईत. त्यांनी एकाहत्तर-बहात्तरच्या रकान्यात 'गेटसभा' लिहिलं, मग त्यावर रेघ मारली, आणि कागद सेल्वी मॅडमच्या मांडीवर ठेवला.

"रद्द केलेल्या बर्थास दुसऱ्या क्लार्कची सही लागते," अक्का म्हणाल्या. "नियम आहे."

असा नियम होता की नाही, मला माहीत नाही. सेल्वी मॅडमनी पेन घेतलं. सही वाकडी आली. पहिलं अक्षर खाली आणि शेवटचं पार वर, बकरीसारखी उड्या मारत गेलेली. पण सही होती. तिच्याकडे त्यांनी डोकं तिरकं करून पाहिलं आणि म्हणाल्या, "बँकेला हीच द्यायची. आता हिचीच नक्कल करीन."

'गेटसभा' वेटिंग लिस्टच्या तळाशी गेला, मांजरांच्या केकच्याही खाली. अक्कांनीच आठवड्यानं विषय काढला. "तुझ्या मित्रांस सांग, घोषणा कोंजम कमी करा. येवढं ओरडलें नाही तरी कामगार जमतील. एका बर्थांत बसेल." मला राग आला. तरी मित्रांना कळवलं. त्यांनाही राग आला. पण त्यांनी चाळीस घोषणांच्या अकरा केल्या, गेम एका बर्थात मावला, आणि खरं सांगायचं तर आधीपेक्षा चांगला झाला. माझी घोषणा गेली त्यात. पुढं यादीतले वरचे एकेक चढत गेले, मग पत्त्यांचे दोन जुने खेळ उतरले आणि 'गेटसभा' रीतसर कन्फर्म झाला. अक्का तो खेळत. मुकादम दिसला की "अय्यो" म्हणून स्वतःच खुर्चीत खाली सरकत.

दोन वर्षांनी माझी बदली पुण्याच्या कारखान्यात झाली. निघायच्या सकाळी अक्कांनी दहीभात बांधून दिला आणि म्हणाल्या, "तो चार्ट काढ फ्रिजवरचा. खाडाखोड फार झाली, नवा आखतें." मी काढला. त्याच्या मागं, फ्रिजलाच, आणखी एक कागद चिकटलेला होता, जुना, आरक्षणाच्या फॉर्मच्या पाठीवरचा. वर लिहिलं होतं 'घर'. पुढची खोली, मधली, स्वैपाकघर, प्रत्येकापुढं नाव. आणि तळाशी, लाल अक्षरांत, 'गच्चीची खोली : इक्यू'. त्यापुढं नावांची रांग. एन्नोरची एक परिचारिका, 'पाणी शिरलें, ११ दिवस'. कुणी भाची, 'परीक्षा, ४ दिवस'. सेल्वी, 'हात, २ महिने'. शेवटचं नाव माझं. 'क्रांती, जागा नाही, ३ दिवस'. त्या तिनावर काट मारलेली होती. पुढं दुसरा आकडा नव्हता. नुसती एक रेघ, कागदाच्या कडेपर्यंत गेलेली.

इमर्जन्सी कोट्याविरुद्धचं पत्रक मी इमर्जन्सी कोट्यात पालथी पडून लिहिलं होतं. आणि त्यांनी त्याच्यावर 'विचाराधीन' लिहिलं होतं.

"अक्का, तुम्ही तेव्हा का नाही बोललात?"

त्या दहीभाताच्या डब्याला रबर लावत होत्या. "काय बोलायचें? प्रवासी झोपला असतां त्यास उठवून, तुझा बर्थ कोणत्या कोट्यांतला, हें कोणी सांगतें का?"

रिक्षा वळेपर्यंत मी मागं बघत होते. अक्का हात हलवत नव्हत्या. त्या गच्चीवर गेल्या होत्या आणि माझ्या खोलीतली गादी उन्हात टाकत होत्या.

आता इथं पुण्यात मी पत्रकं लिहिते तेव्हा घोषणा कमी करते आणि तळाशी दोन ओळी कोऱ्या सोडते. छापखान्याचे काका वैतागतात. कागद वाया जातो म्हणतात. गेल्या महिन्यात पत्रक मशीनवर चढलं आणि गेटवरून फोन आला. पॅकिंगमधल्या एका बाईला सकाळीच कामावरून काढलं होतं, आणि तिचं म्हणणं होतं की माझं नाव छापा, मी घाबरत नाही. तिचं नाव आणि तिचं म्हणणं, दोन ओळींत बरोबर बसलं. काकांनी मजकूर लावला आणि म्हणाले, "झालं समाधान? भरला आता कागद."

मी म्हटलं, "काका, चार्ट लागला का?"